बांधी एकाची, उतारा दुसऱ्याचा

२०२३ च्या जुलैमधली गोष्ट. साकोलीजवळच्या आमच्या गावात रोवणी ऐन रंगात आली होती. पाऊस चांगला झालेला, तलाव भरत आलेला, बायका गुडघाभर चिखलात वाकून पऱ्हे लावत होत्या. मी नोकरीतून निवृत्त होऊन पहिल्यांदाच पूर्ण हंगामभर गावी थांबलो होतो आणि धुऱ्यावर छत्री घेऊन उभा होतो. तेवढ्यात एक मोटार पांदणीच्या तोंडाशी थांबली. दोन गृहस्थ बूट हातात घेऊन धुऱ्याधुऱ्याने आमच्यापर्यंत आले. त्यांच्याकडे प्लास्टिकच्या पिशवीत जपून ठेवलेला सातबाराचा उतारा होता. त्यांनी गट क्रमांक वाचला, आजूबाजूला पाहिले आणि माझ्या भावाला विचारले, ‘‘हीच ना ती जमीन? तुम्ही इथे बटईने करता का?’’

भाऊ म्हणाला, ‘‘बटईनं कायले? आमचीच हाये. सदतीस वर्सं झाली.’’

गृहस्थांनी उतारा पुढे केला. त्यावर आमच्यापैकी कुणाचेही नाव नव्हते. नाव होते आमच्या शेजाऱ्याच्या थोरल्या मुलाचे. तो ती जमीन विकायला निघाला होता आणि हे दोघे ती पाहायला नागपूरहून आले होते.

यात त्या मुलाने काही खोटेपणा केला, असे म्हणता येणार नाही. १९८६ मध्ये माझ्या वडिलांनी आणि त्याच्या वडिलांनी जमिनीची अदलाबदल केली होती. तलावाखालचा आमचा दीड एकराचा तुकडा त्यांच्या घराला लागून होता आणि त्यांचा तेवढाच तुकडा आमच्या उरलेल्या बांध्यांना लागून. दोघांनी पारावर बसून ठरवले, चार माणसांसमोर सुपारी फोडली आणि दुसऱ्या दिवसापासून एकमेकांच्या बांधीत नांगर घातले. कागद करायचे कुणाच्या मनात आले नाही. शब्द दिला होता, तो पुरेसा होता. आणि खरोखरच तो सदतीस वर्षे पुरला. फक्त शब्द देणारी माणसे राहिली नाहीत.

मधल्या काळात या व्यवहाराचे चमत्कारिक परिणाम आम्ही मुकाट्याने सोसत होतो. आधारभूत केंद्रावर धान विकायचे तर सातबारा लागतो. आमच्या बांधीतले धान त्यांच्या नावाने नोंदले जाई, त्यांचे आमच्या नावाने. पैसे एकमेकांच्या खात्यात जमा होत आणि मग आम्ही अंगणात बसून हिशेब करत असू. २०२१ पासून पीक पाहणी मोबाईलवर आली. उताऱ्यावर ज्याचे नाव, त्याने शेतात उभे राहून पिकाचा फोटो काढायचा. म्हणजे आमच्या धानाचा फोटो काढायला शेजाऱ्याने यायचे आणि त्यांच्या धानाचा फोटो काढायला आम्ही जायचे. आम्ही हसत असू. पुढे त्या मुलाने पीककर्ज काढले, ते थकले आणि बँकेचा बोजा त्याच्या नावच्या गटावर, म्हणजे आम्ही कसत असलेल्या बांधीवर चढला. तेव्हा हसू थांबले. कर्ज फेडायला त्याने जमीन विकायला काढली, तेव्हा आमच्या लक्षात आले की आपण ज्या चिखलात उभे आहोत, तो कागदाच्या दृष्टीने आपला नाहीच.

* * *

ही केवळ आमच्या घरची कथा असती, तर रविवारच्या सकाळी वाचकांपुढे मांडण्याचे कारण नव्हते. पण भंडारा जिल्ह्यातच काय, महाराष्ट्रात कुठल्याही गावात जा. जमीन कसणारा एक आणि उताऱ्यावरचा दुसरा, अशी उदाहरणे हाताच्या बोटांवर मोजण्यासारखी नाहीत. कुठे आजोबा वारून तीस वर्षे झाली तरी उताऱ्यावर तेच खातेदार आहेत. कुठे तोंडी वाटणी झाली आहे, पण कागदावर सारे भाऊ सामायिक. कुठे मोजणी न झाल्याने धुरा एकीकडे आणि नकाशा दुसरीकडे. जोवर घरात आणि गावात सलोखा आहे, तोवर या विसंगतीने काही बिघडत नाही. वाद उभा राहिला की मात्र प्रत्येक जण धावत जाऊन उतारा काढतो, आणि पन्नास वर्षांपूर्वी कुणीतरी कंटाळून लिहिलेली एक ओळ साऱ्या कुटुंबाचे भवितव्य ठरवू लागते.

ही ओळ कशी लिहिली जाते, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक असते? महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ ची. तिच्यानुसार जमिनीत हक्क मिळाला की तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला कळवायचे. तलाठी ती खबर गाव नमुना सहामध्ये, म्हणजे फेरफार नोंदवहीत लिहितो, चावडीवर प्रत लावतो आणि हितसंबंध असलेल्यांना नोटीस देतो. हरकतीसाठी पंधरा दिवस. हरकत आली तर प्रकरण विवादग्रस्त प्रकरणांच्या वेगळ्या नोंदवहीत जाते आणि शक्यतो एका वर्षात त्याचा निकाल लागावा, असे कायदा सांगतो. हरकत नसेल तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. त्यावर साठ दिवसांत उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील करता येते.

ताबा दुसऱ्याचा असेल तर त्यालाही जागा आहे. तिचे नाव गाव नमुना सात-ब. पीक पाहणीच्या वेळी उताऱ्यावर नसलेला माणूस जमीन कसताना आढळला, तर तलाठ्याने नमुना चौदा भरून तहसीलदाराकडे पाठवायचा, तहसीलदाराने चौकशी करायची आणि ताबा खरा ठरला तर त्याच्या आदेशाने त्या वर्षापुरते नाव सात-ब मध्ये लागायचे. म्हणजे कायदा करणाऱ्यांना ठाऊक होते की मालक आणि वहिवाटदार हे नेहमी एकच नसतात. पण हा नमुना भरला जातो कुठे? जमीनमालकाला भीती असते की नाव लागले तर उद्या हा कूळ म्हणून उभा राहील. विदर्भाचा कूळकायदा १९५८ चा, पण त्याची धास्ती अजून गेलेली नाही. म्हणून ठेका तोंडी, बटई तोंडी आणि अदलाबदलही तोंडी.

आता यातला खरा गुंता पाहा. नोंद म्हणजे मालकी नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा पुन्हा सांगितले आहे. १९९६ मध्ये सांगितले, १९९७ मध्ये सांगितले, २०२१ मध्ये मध्य प्रदेशातल्या एका प्रकरणात पुन्हा सांगितले. फेरफार हा महसुली कारणासाठी असतो, त्याने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, मालकीचा वाद दिवाणी न्यायालयाने सोडवायचा. तत्त्व म्हणून हे अगदी योग्य आहे. तलाठी हा न्यायाधीश नव्हे आणि नसावाही. मात्र त्याच संहितेत असेही म्हटले आहे की अधिकार अभिलेखातली नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी धरली जाईल. आणि उलट सिद्ध करायचे म्हणजे वकील, तारखा आणि आयुष्यातली दहा-पंधरा वर्षे.

तोवर बँक उतारा मागते. धान केंद्र उतारा मागते. पंतप्रधान किसान योजनेने १ फेब्रुवारी २०१९ रोजी ज्याच्या नावे जमीन होती, त्यालाच पात्र ठरवले. २०२३-२४ च्या खरिपासाठी राज्य सरकारने धान उत्पादकांना हेक्टरी वीस हजार रुपये जाहीर केले, तेही नोंदीच्या आधारानेच. रस्त्यासाठी जमीन गेली तर मोबदल्याच्या नोटिसा उताऱ्यावरच्या नावांना निघतात. कायद्याच्या पुस्तकात नोंद म्हणजे मालकी नव्हे, पण रोजच्या व्यवहारात नोंदीवाचून कुणी मालक नव्हे. न्यायालयाचे वाक्य वकिलाच्या तोंडून ऐकून ‘मग नोंदीचे एवढे काय’ असे म्हणणारा माणूस फसतो, आणि ‘उतारा माझ्या नावाचा, म्हणजे जमीन माझी’ असे म्हणणाराही फसतो. आपल्या गावांत हे दोन्ही प्रकारचे लोक एकाच घरात सापडतात.

* * *

आमच्या झाडीपट्टीत तर कागदाशी लोकांचे नाते आणखी विचित्र आहे. इंग्रजी अमदानीत हा मुलूख मालगुजारीचा. गावाचा मालक मालगुजार, त्याच्या हाताखाली कसणारे. कुणी कुठली बांधी करायची, तलावाचे पाणी आधी कुणाला सोडायचे, हे वहिवाटीने ठरे. मध्य प्रदेश सरकारच्या कायद्याने ३१ मार्च १९५१ रोजी मालगुजारी संपली. विदर्भ १९५६ मध्ये मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला, १५ ऑगस्ट १९६७ पासून संहिता लागू झाली. एका पिढीने तीन राज्ये आणि तितकेच कायदे पाहिले. ज्यांनी तलाव बांधले त्या कोहळी समाजाची, गोंडांची, कुणब्यांची, ढिवरांची वहिवाट मात्र जमिनीवर चालतच राहिली.

पण जुन्या पद्धतीत एक गोष्ट शहाणपणाची होती. गावाचा वाजिब-उल-अर्ज लिहिला जाई. वाट कुणाची, पाणी कुणाचे, मासे कोण मारणार, हे त्यात नमूद असे. निस्तारपत्रकात चराई आणि सरपणाचे हक्क असत. आजच्या संहितेतही या दोन्ही नोंदींना कलमे आहेत. म्हणजे नोंदीचे काम केवळ ‘मालक कोण’ एवढेच सांगण्याचे नसून ‘जमिनीवर प्रत्यक्षात काय चालले आहे’ हेही सांगण्याचे आहे, हा विचार आमच्या भागाला नवा नाही. आपण तो विसरलो आहोत, एवढेच.

आमच्या अदलाबदलीच्या भांडणाला सुदैवाने वाट सापडली. राज्य सरकारने जानेवारी २०२३ मध्ये ‘सलोखा’ नावाची योजना आणली होती. दोन शेतकऱ्यांच्या जमिनी किमान बारा वर्षे एकमेकांच्या ताब्यात असतील, तर तलाठी आणि मंडळ अधिकाऱ्याच्या पंचनाम्यावरून अदलाबदलीचा दस्त करता येतो. मुद्रांक शुल्क एक हजार, नोंदणी फी एक हजार. गावातल्या वडीलधाऱ्यांनी शेजाऱ्याच्या मुलाला बसवले. १९८६ ची सुपारी पाहिलेला एकच माणूस हयात होता, त्याने बोलणे केले. मुलाने आधी बोजा उतरवला, थोडी मदत आम्हीही केली. २०२४ च्या उन्हाळ्यात दुय्यम निबंधकाच्या कचेरीत सह्या झाल्या. माझी, भावाची, आईची आणि बहिणीची. वडील २०१६ मध्ये गेले, तेव्हा आम्ही बहिणीचे नाव न विसरता लावले होते. त्याचा मला त्या दिवशी थोडा अभिमानही वाटला.

तो फार टिकला नाही. दस्तासाठी वकिलांनी जुने फेरफार काढले होते. परतताना चहाच्या टपरीवर मी ते वाचत बसलो. १९७८ चा फेरफार होता, आमचे आजोबा वारले त्या सालचा. त्यात लिहिले होते की मयतास दोन मुलगे हेच वारस आहेत.

आजोबांना दोन मुलगे आणि एक मुलगी होती.

* * *

तो दिवस मला आठवतो. मी चौदा वर्षांचा होतो. तेरवी होऊन गेली होती, पण पाहुणे अजून होते. पटवारी ओसरीवर बसला होता आणि मी त्याला पाणी नेऊन दिले. त्याने विचारले, ‘‘आणखी कोणी वारस?’’ वडिलांनी काकांकडे पाहिले, काकांनी पंचांकडे. मग कुणीतरी म्हणाले, ‘‘कोणी नाही.’’ आत्या आत होती, चुलीसमोर. ओसरी आणि चूल यांच्यामध्ये एक कुडाची भिंत होती.

पटवाऱ्याने काही चुकीचे लिहिले नाही. त्याला जे सांगितले, ते त्याने लिहिले. नोटीस लागली असेल, चावडीवर. आत्या तोवर सासरी गेली होती. पंधरा दिवसांत हरकत आली नाही. नोंद प्रमाणित झाली. सारे नियमाप्रमाणे.

१९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने वडिलांच्या हिश्श्यात मुलीला वाटा तेव्हाही होता. महाराष्ट्राने १९९४ मध्ये मुलींना एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मतः हक्क दिला, साऱ्या देशात तो २००५ मध्ये आला. कायदे पुढे जात राहिले आणि आमच्या घरातली ती एक ओळ जागची हलली नाही. अदलाबदलीच्या दस्तावर आत्याची सही लागली नाही, कारण कागदात ती नव्हतीच. एक विसंगती दुरुस्त केल्याच्या आनंदात आम्ही दुसरी आणखी पक्की केली होती.

त्याच वर्षी दिवाळीनंतर मंडईला आत्या आली. आता तिचे वय ऐंशीच्या पुढे आहे. रात्री दंडार पाहायला सारे गेले, ती घरी राहिली, म्हणून मीही राहिलो. तिला दस्ताचे कुठून तरी कळले होते. म्हणाली, ‘‘बाबू, तुह्या आज्याच्या कागदात माहं नाव हाये का नाही रे?’’

मी खरे सांगितले. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, ‘‘मले बांधी नाही पायजे. पन मी त्याची पोरगी होती, थे तं लिवा.’’

* * *

तेव्हापासून मी या प्रश्नाकडे तक्रारदाराच्या नजरेने पाहू शकत नाही. सरकारी दप्तरातले दोष आपण सारेच मोजतो. पण दप्तराला माहिती देणारे आपणच असतो. शेतावर दुसऱ्याचा उतारा घेऊन कुणी आले, तेव्हा आम्हाला अन्याय वाटला. त्याच वेळी आमच्या स्वतःच्या उताऱ्यात एक माणूस सेहेचाळीस वर्षे गायब होता, आणि त्याचे आम्हाला काही वाटले नव्हते.

म्हणून मला जे सुचवायचे आहे, त्यात सरकारइतकाच घरालाही वाटा आहे.

पहिली गोष्ट वारसनोंदीची. वंशावळ लिहून देणारा आणि तिचा लाभ घेणारा एकच असतो, ही या पद्धतीतली मोठी फट आहे. २०२५ मध्ये सरकारने ‘जिवंत सातबारा’ मोहीम काढली. बुलडाणा जिल्ह्यात सुरुवात झाली आणि मग राज्यभर. मृत खातेदारांची नावे कमी करून वारसांची लावायची, हा हेतू उत्तम आहे. पण घाईने केलेली नोंद चुकली तर चूकही तितक्याच वेगाने पक्की होते. प्रत्येक वारसनोंदीत मयताच्या मुली किती, त्या कुठे आहेत, हे स्वतंत्रपणे विचारले जावे आणि त्यांना त्यांच्या सासरच्या पत्त्यावर नोटीस पोचल्याशिवाय नोंद प्रमाणित होऊ नये. फेरफाराच्या नोटिसा आता इंटरनेटवरच्या चावडीवरही पाहता येतात, पण ऐंशी वर्षांच्या आत्येला त्या कोण दाखवणार?

दुसरी गोष्ट ताब्याची. कसणाऱ्याचे नाव एका हंगामापुरते नोंदले जावे आणि त्या नोंदीने मालकीला वा कूळहक्काला धक्का लागणार नाही, असे कायद्यातच स्वच्छ म्हटलेले असावे. आंध्र प्रदेशाने २०१९ मध्ये असा कायदा केला. तिथे कसणाऱ्याला अकरा महिन्यांचे कार्ड मिळते. कर्जासाठी ते चालते, जमिनीवर हक्क मात्र देत नाही. आपल्याकडे मोबाईलवर पिकाचा फोटो निघतो, पण त्यात रोवणी करणारा दिसत नाही. तो दिसू लागला तर मालकाची भीतीही जाईल आणि कसणाऱ्याची लाचारीही.

तिसरी गोष्ट वादाची. २०२० पासूनच्या नव्या उताऱ्यावर फेरफार प्रलंबित आहे की नाही, हे छापलेले असते. ही फार चांगली सुधारणा आहे. दिवाणी दावा चालू असेल तर तो मात्र त्यावर आपोआप उमटत नाही. कुणीही उठून दावा लावून दुसऱ्याच्या जमिनीवर डाग पाडू नये, ही शंका खरी आहे. त्यावर उपाय असा की दाव्याची टीप न्यायालयाच्याच कळवण्यावरून लागावी आणि त्याच्याच कळवण्यावरून निघावी. नागपूरहून आलेल्या त्या गृहस्थांनी बूट हातात घेऊन धुऱ्यावर येण्याचे कष्ट घेतले, म्हणून ते आणि आम्ही वाचलो. कितीतरी खरेदीदार कचेरीतच उतारा पाहून पैसे मोजतात.

दक्षिण ऑस्ट्रेलियात १८५८ पासून नोंद म्हणजेच मालकी आणि तिची हमी सरकारची, अशी पद्धत आहे. आपल्याकडेही तशी यावी, असे अधूनमधून बोलले जाते. यावी. पण आज जे लिहिले आहे तेच खरे, असा शिक्का मारण्याआधी जे लिहिले आहे ते खरे आहे का, हे पाहावे लागेल. नाहीतर आमच्या आत्येसारख्या साऱ्यांची नावे कायमची पुसली जातील, आणि तीही हमीसकट.

ते पाहण्याचे काम कुठलाही अधिकारी एकट्याने करू शकणार नाही. म्हणून वाचकांना एक विनंती. आज रविवार आहे, घरात सारे आहेत. उतारा काढा आणि मोठ्याने वाचा. त्यातली किती माणसे हयात आहेत, किती घरातली माणसे त्यात नाहीत, ज्या गटात आपण उभे राहतो तोच गट कागदावर आहे का, एवढे पाहा. भांडण नसताना हे वाचणे सोपे असते.

आम्ही ते भांडण नसताना केले नाही. १९७८ च्या फेरफाराविरुद्ध आत्याने उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील केले आहे, विलंब माफ करण्याच्या अर्जासह. साठ दिवसांची मुदत संपून किती वर्षे झाली, याचा हिशेब वकिलांनी अर्जात मांडला आहे. माझ्या चुलतभावाने विरोध केला आहे आणि त्याचे मुद्दे कायद्यात अगदीच पोकळ आहेत, असे नाही. शेवटी कदाचित दिवाणी न्यायालयाचीच पायरी चढावी लागेल. त्या अपिलात मी गैरअर्जदार क्रमांक दोन आहे. माझा लेखी जबाब मी दिला आहे. त्यात एवढेच लिहिले आहे की मयतास दोन मुलगे व एक मुलगी होती, आणि १९७८ मध्ये हे सर्वांना माहीत होते.

पुढची तारीख पुढच्या महिन्यात आहे. आत्याला मोटारीतून नेण्याचे ठरले आहे.